‘राग आहे का अजून?’ : जोडीदाराकडे दिलासा कसा मागावा आणि कसा द्यावा

लग्नाच्या पहिल्या वर्षी माझा नवरा नागपूरजवळच्या बुटीबोरीच्या औद्योगिक वसाहतीतील एका कारखान्यात सेकंड शिफ्टला जात असे. दुपारी तीन ते रात्री अकरा अशी ड्यूटी असे आणि मोबाइल लॉकरमध्ये ठेवूनच आत जावे लागे. हे मला पूर्ण ठाऊक होते. तरीही एका रात्री, सकाळी झालेल्या क्षुल्लक बोलाचालीनंतर, मी त्याला साडेआठ ते अकरा या वेळात अकरा मेसेज पाठवले. पहिला ‘जेवला का?’ असा होता आणि शेवटचा ‘माझ्याशी बोलायचंच नसेल तर तसं सांग’ असा. सुटी झाल्यावर कंपनीच्या बसमध्ये बसून त्याने ते सगळे एका दमात वाचले आणि मनीषनगरला घरी पोहोचेपर्यंत तो घाबरलेलाही होता आणि चिडलेलाही. दारातच म्हणाला, “फोन लॉकरमध्ये राहते, माहीत आहे ना तुला? मग काहून एवढं?”

त्या रात्री मला उत्तर देता आले नाही. पुढे कधीतरी ते मेसेज पुन्हा वाचताना लक्षात आले, की मला एकच गोष्ट जाणून घ्यायची होती : सकाळचा राग अजून आहे की गेला? अकरा मेसेजमध्ये हा प्रश्न एकदाही आलेला नव्हता. जेवणाची चौकशी होती, टोमणे होते, एक रडका चेहरा होता आणि शेवटी धमकीही होती. या लेखातील बहुतेक पायऱ्या त्या न विचारलेल्या प्रश्नाभोवती फिरतात, कारण दिलासा न मिळण्याचे सर्वांत मोठे कारण जोडीदाराचा निष्ठुरपणा हे नसून, आपण मागतो एक आणि आपल्याला हवे असते दुसरेच, हे असते असे माझे मत झाले आहे.

पहिली पायरी : नेमके काय हवे आहे ते स्वतःशी ठरवावे

जोडीदाराकडून आपण मागतो तो दिलासा ढोबळमानाने तीन प्रकारचा असतो. पहिला माहितीचा : कुठे आहेस, किती वाजता येशील, डॉक्टर काय म्हणाले. दुसरा मायेचा : भांडण झाले तरी मी तुला हवी आहे ना, मी चुकलो तरी तू माझ्या बाजूने आहेस ना. तिसरा हमीचा : तू मला कधीच सोडून जाणार नाहीस ना, आपले कायम असेच राहील ना. पहिले दोन जोडीदार देऊ शकतो. तिसरा कोणीही कोणालाही देऊ शकत नाही आणि प्रामाणिक माणूस तो देताना अडखळतो. मग ते अडखळणेच आपण पुरावा म्हणून धरून बसतो.

ओळखण्याची एक साधी कसोटी आहे. फोन हातात घेण्यापूर्वी स्वतःला विचारावे, की समोरून कोणते वाक्य आले तर मी हा फोन बाजूला ठेवून शांतपणे जेवायला बसेन? ते वाक्य सुचले, तर त्याच उत्तराचा प्रश्न विचारावा. कोणतेच वाक्य पुरेसे वाटत नसेल, तर आपण हमी मागत आहोत हे समजावे आणि थेट सातव्या पायरीकडे जावे.

काहींना असा दिलासा वारंवार लागतो आणि काहींना तो मागण्याचीच लाज वाटते, यालाही कारणे आहेत. लहान मूल आणि त्याला सांभाळणारी व्यक्ती यांच्यातील ओढीचा अभ्यास ब्रिटिश मनोविकारतज्ज्ञ जॉन बोल्बी यांनी केला आणि १९८७ मध्ये सिंडी हॅझन व फिलिप शेव्हर या अमेरिकी संशोधकांनी तीच चौकट प्रौढांच्या प्रेमसंबंधांना लावून पाहिली. काही माणसे जवळिकीत निश्चिंत असतात, काही सतत धास्तावलेली असतात आणि काही जवळीक वाढली की मागे सरतात, असे त्यांचे वर्गीकरण होते. धास्तावलेले आणि मागे सरणारे अशी दोन माणसे एका घरात आली, की एकाचे मागणे वाढते तसे दुसऱ्याचे मौन वाढते. यात कोणी एक वाईट असतोच असे नाही.

दुसरी पायरी : आधी श्वास, मग शब्द

‘आश्वासन’ या शब्दाचे निवडणुकांनी वाटोळे केले आहे, परंतु त्याच्या मुळाशी श्वास आहे. दम लागलेल्याला पुन्हा सुखाने श्वास घेता यावा असे करणे, हा त्याचा जुना अर्थ. आजच्या संशोधनाशीही तो जुळतो. जेम्स कोन आणि सहकाऱ्यांनी २००६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात १६ विवाहित स्त्रियांना मेंदूची प्रतिमा घेणाऱ्या यंत्रात झोपवून सौम्य विजेच्या धक्क्याची भीती दाखवण्यात आली. कोणाचाही हात धरलेला नसताना मेंदूत जी धोक्याची खळबळ दिसली, ती अनोळखी माणसाचा हात धरल्यावर थोडी आणि नवऱ्याचा हात धरल्यावर अधिक शमली. ज्यांचे वैवाहिक नाते चांगले होते त्यांच्यात हा परिणाम जास्त होता. म्हणजे शब्द सुचत नसतील तेव्हा हात धरणे हेही उत्तरच असते.

छातीत धडधडत असताना विचारलेला प्रश्न आरोपासारखा ऐकू येतो. अशा वेळी निदान वीस मिनिटे थांबावे. तोंडावर पाणी मारावे, श्वास हळूहळू सोडत जावा, खाली उतरून एक फेरी मारून यावी. नागपुरात राहणाऱ्यांसाठी एक वेगळी सूचना : मे महिन्यात पारा पंचेचाळिशीकडे गेला असताना आणि रात्री झोप झालेली नसताना नात्याविषयी कोणताही निष्कर्ष काढू नये. ‘हा आता पहिल्यासारखा राहिला नाही’ असे मला दोनदा तरी ठामपणे वाटले होते आणि दोन्ही वेळा कूलरमधले पाणी संपलेले निघाले.

तिसरी पायरी : वेळ आणि जागा निवडावी

आपल्याकडे बहुसंख्य जोडप्यांना खासगी बोलण्यासाठी जागाच नसते. दोन खोल्यांचे घर, बाहेरच्या खोलीत सासूबाईंची मालिका, मधला दरवाजा नीट न लागणारा. त्यामुळे बोलणे एकतर कुजबुजत होते किंवा होतच नाही. जोडीदार दारात बूट काढत असताना, वर्धा रोडवर गाडी चालवत असताना, किंवा घरात तिसरे माणूस ऐकत असताना हा विषय काढू नये. जेवणानंतर दूध आणायला दोघांनी मिळून चालत जावे, हा उपाय फुकट आहे. शेजारी शेजारी चालताना नजरेला नजर द्यावी लागत नाही आणि विशेषतः पुरुषांना त्यामुळे बोलणे सोपे जाते, असा माझा अनुभव आहे. अंबाझरी किंवा फुटाळा तलावाकाठची संध्याकाळ चांगलीच, पण तेवढ्यासाठी रविवारची वाट पाहत आठवडाभर गप्प राहणे बरे नव्हे.

चौथी पायरी : एका वेळी एकच गोष्ट, सरळ शब्दांत

मागणीचे वाक्य तीन तुकड्यांत बांधावे : मला काय दिसले, त्यावरून माझ्या मनात काय आले आणि मला तुझ्याकडून काय हवे आहे. उदाहरणार्थ, “काल रात्रीपासून तू कमी बोलतो आहेस. माझ्या मनात आलं, की बाबांसमोर मी जे बोलले त्याचा तुला राग आला. तसं आहे का, एवढंच सांग.” या वाक्यात आरोप नाही, आणि समोरच्याला नेमके कशाचे उत्तर द्यायचे हेही कळते. हीच गोष्ट आपण सवयीने कशी बोलतो? “तुला काय, मित्रांशी बोलायला बरा वेळ मिळते!” यावर मित्रांचा बचाव सुरू होतो, दिलासा राहतो बाजूला.

काही वेळा माहिती पुरते, पण ती मागतानाही उद्देश सांगितलेला बरा. “कुठे आहेस?” हा प्रश्न हजेरी घेतल्यासारखा वाटतो, “पाऊस खूप आहे, पोहोचलीस की एक मेसेज टाक, म्हणजे मी झोपेन” हा तसा वाटत नाही.

परीक्षा घेणे कटाक्षाने टाळावे. मुद्दाम फोन न उचलणे, त्याला जाणवेल असे स्टेटस ठेवणे, ‘मला नको वाढदिवस’ म्हणून मग रात्री बारापर्यंत जागे राहणे, या परीक्षांचा अभ्यासक्रम समोरच्याला दिलेलाच नसतो. नापास होणे ठरलेले असते, आणि तो चुकून पास झाला तरी आपल्याला समाधान होत नाही, कारण पुढची परीक्षा लगेच मनात तयार होते.

पुरुषांच्या मागण्याविषयी थोडे विस्ताराने लिहायला हवे, कारण ते मागणे आहे हेच बहुधा कळत नाही. “माझी नोकरी गेली तर तुझे माहेरचे काय म्हणतील?” असे हसत विचारणारा नवरा नोकरीविषयी बोलत नसतो. त्याला विचारायचे असते, की कमाई थांबली तर या घरात माझा मान राहील का. “तुझा पगार वाढला बाप्पा, आता तू आमचं कशाला ऐकशील” हाही विनोद नसतो. कोणी गप्प होतो, कोणी भाजीतल्या मिठावर घसरतो, कोणी रात्री उशिरापर्यंत गाडी पुसत बसतो. आपल्या मुलग्यांना रडू नको एवढेच शिकवले जाते, मागावे कसे हे नाही. अशा पुरुषाने चौथ्या पायरीची सुरुवात एका छोट्या वाक्याने करावी : “मला आज जरा भीती वाटते आहे, सल्ला नको, फक्त ऐक.” हे एकदा जमले, की दुसऱ्या वेळी तेवढे जड जात नाही.

पाचवी पायरी : देणाऱ्याने आधी उत्तर द्यावे, स्पष्टीकरण नंतर

“राग आहे का?” असे विचारल्यावर आपण बहुतेक वेळा “अगं, ऑफिसात आज काय झालं माहीत आहे का…” अशी सुरुवात करतो आणि ‘नाही’ हा शब्द दहाव्या मिनिटाला येतो, किंवा येतच नाही. ऐकणाऱ्याचा जीव त्या एका शब्दात अडकलेला असतो. म्हणून क्रम असा ठेवावा : “नाही, राग नाही. कामाचं टेन्शन आहे. सांगतो काय झालं ते.”

तीन उत्तरे शक्यतो देऊच नयेत. “काही नाही” हे पहिले, कारण चेहरा वेगळेच सांगत असतो आणि ऐकणाऱ्याला स्वतःच्या डोळ्यांवरच शंका घ्यावी लागते. “एवढं काय त्यात” हे दुसरे. “तू फार विचार करतेस” हे तिसरे. ते खरेही असेल, पण धास्तावलेल्या माणसाला त्यातून एवढेच ऐकू येते की आपली भीतीही ओझे झाली आहे.

दिलासा जितका तपशीलवार तितका तो टिकतो. “आहे ना प्रेम, किती वेळा सांगू” हे वाक्य जिना उतरेपर्यंत विरून जाते. “सकाळी मी आवाज चढवला, ते चुकलंच. आता मनात काही नाही. शनिवारी तुझ्या आईकडे जायचं ठरलं आहे, ते तसंच आहे” यात झालेल्या गोष्टीची कबुली आहे, आत्ताची स्थिती आहे आणि उद्याची एक खूण आहे. शनिवार आला, की त्या बोलण्याचा पुरावाही मिळतो.

मात्र दिलासा देण्याच्या नादात खोटे बोलू नये. राग असेल तर तो आहे असेच सांगावे, फक्त राग आणि नाते वेगळे ठेवून सांगावे : “हो, मला अजून राग आहे. पण मी कुठे जाऊन नाही राहिलो. उद्या सकाळी चहाच्या वेळी बोलू.” माझ्या मते हा सर्वांत मोलाचा दिलासा, कारण भांडण म्हणजे शेवट नव्हे हे त्यातून कळते. मात्र ‘उद्या सकाळी’ म्हटले की सकाळी आपणहून बोलायला बसावे लागते; ती सकाळ टळली, तर पुढच्या वेळी हेच वाक्य कोणी मानत नाही.

शब्दांऐवजी कृतीने दिलासा देणारी माणसे आपल्या भागात पुष्कळ आहेत. भांडणानंतर कोणी सकाळी तर्री पोहे बांधून आणतो, कोणी न सांगता गाडीत पेट्रोल भरून ठेवते. हे सुंदर आहे, पण समोरच्याला ते वाचता येते का, हे विचारून घ्यावे. माझे वडील आईवर कधी रागावले, की हिवाळ्यात रात्री संत्री सोलायला बसत. प्रत्येक फोडीवरचे पांढरे धागे नखाने काढून, बिया काढून, स्टीलच्या वाटीत रचून ती वाटी आईपुढे सरकवत. आम्ही मुले ती वाटी पाहून समजत असू, की मिटले. अनेक वर्षांनी आईने मला सहज सांगितले, की तिला संत्र्याने पित्त होते. ती मुकाट्याने खात असे. दोघांनी एकमेकांना एकदा जरी विचारले असते, तर त्या वाटीत पेरूही चालला असता.

सहावी पायरी : प्रश्न पडण्याआधीच उत्तराची सोय करावी

ज्या प्रसंगी धास्ती वाटते ते प्रसंग बहुधा ठरलेले असतात, म्हणून त्यांची व्यवस्थाही आधीच ठरवता येते. आम्ही त्या अकरा मेसेजनंतर एक साधी गोष्ट ठरवली : लॉकर बंद करण्यापूर्वी तो ‘आत’ एवढा शब्द पाठवेल आणि बसमध्ये बसल्यावर ‘बाहेर’. मधल्या आठ तासांत मेसेज आला नाही, तर त्याचा अर्थ फक्त लॉकर. यासाठी त्याला दिवसाला दहा सेकंद लागत आणि माझी संध्याकाळ मोकळी होत असे. असा करार लहान असावा, दोघांना पाळता येईल असा असावा, आणि तो कधी मोडला तर काय समजायचे हेही बोलून ठेवलेले असावे. बसमध्ये रेंज गेली तर अर्धा तास थांबायचे, असे आमचे ठरले होते.

एकजण नागपुरात आणि दुसरा पुण्यात, अशी जोडपी आता घरोघरी आहेत. त्यांच्यासाठी रोजच्या तासभर फोनपेक्षा पुढच्या भेटीची ठरलेली तारीख अधिक कामाची असते. रेल्वेचे आरक्षण प्रवासाच्या ६० दिवस आधी खुले होते. त्या दिवशी तिकीट काढून त्याचा फोटो पाठवावा. ‘लवकरच येतो’ यापेक्षा बर्थचा क्रमांक जास्त बोलतो. दिवाळीत वेटिंग पाहून मन खट्टू होते, तेव्हा निदान दिलासा रेल्वेच्या हातात राहू देऊ नये आणि बसचा पर्याय आधीच पाहून ठेवावा.

सातवी पायरी : तोच प्रश्न पुन्हा पुन्हा येऊ लागला तर

येथे बहुतेक सल्ले फसतात, कारण ‘मागेल तेवढा दिलासा द्या’ हे ऐकायला प्रेमळ वाटते. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ जेम्स कॉइन यांनी १९७६ मध्ये नैराश्यासंबंधी मांडलेले निरीक्षण असे, की खचलेला माणूस पुन्हा पुन्हा दिलासा मागतो; जवळचे लोक तो देतात, पण तो मनापासून दिला की कीव म्हणून, अशी शंका त्याला येते; म्हणून तो पुन्हा मागतो आणि देणारे हळूहळू वैतागतात. त्यांचा वैताग दिसला, की मूळ भीती खरी ठरल्यासारखी वाटते. मंत्रचळाच्या आजारात (ओसीडी) हेच अधिक तीव्रतेने होते. ‘मी हिच्यावर खरंच प्रेम करतो का’, ‘ती मला फसवत तर नाही’ असे विचार घुसत राहतात, उत्तर मिळाले की घटकाभर सुटका होते, आणि त्या सुटकेमुळेच पुढची विचारणा पक्की होते. दार लावले का हे दहादा पाहणाऱ्याला अकराव्यांदा दार दाखवून उपयोग नसतो.

अशा वेळी देणाऱ्याने पहिल्यांदा पूर्ण, तपशीलवार उत्तर द्यावे. दुसऱ्यांदा विचारल्यास नवे उत्तर न रचता “दुपारी सांगितलं तेच आहे, त्यात बदल नाही” एवढेच म्हणावे. तिसऱ्यांदा उत्तर देऊच नये, सोबत द्यावी : “प्रश्न पुन्हा आला ना? चल, चहा करू.” हा क्रम दोघांनी शांत असताना आधी ठरवलेला हवा, नाहीतर तो क्रूरपणा वाटेल. मागणाऱ्याने पहिले उत्तर वहीत तारखेसह लिहून ठेवावे. पुन्हा विचारावेसे वाटले तर आधी वही उघडावी, मग अर्धा तास थांबावे आणि त्या अर्ध्या तासात अस्वस्थता आपोआप किती उतरली ते दहापैकी गुण देऊन लिहावे. सुरुवातीला ती फारशी उतरत नाही. काही दिवसांनी उतरते, आणि ती कोणी न बोलताही उतरू शकते हे वहीत स्वतःच्या अक्षरात दिसते.

एवढे करूनही झोप, काम किंवा जेवण बिघडत असेल, तर तज्ज्ञांकडे जावे. नागपुरात मेडिकलच्या, म्हणजे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या, मनोविकार विभागात किंवा प्रादेशिक मनोरुग्णालयाच्या बाह्यरुग्ण विभागात दाखवता येते. ‘पागलखाना’ म्हणून आपण त्या वास्तूची इतकी वर्षे चेष्टा केली, की गरज असलेला माणूसही त्या रस्त्याने जायला कचरतो, हे दुर्दैव आहे. घराबाहेर पडण्याचे धैर्य नसेल, तर १४४१६ या टेलिमानसच्या निःशुल्क क्रमांकावर दिवसरात्र केव्हाही बोलता येते.

आठवी पायरी : दिलासा हे औषधच नसेल तेव्हा

शंकेला खरे कारण असेल, जोडीदाराने खरोखर काही लपवले असेल किंवा फसवले असेल, तर गोड शब्दांनी काम भागत नाही. तेथे आधी सत्य सांगावे लागते, झालेल्या गोष्टीची जबाबदारी घ्यावी लागते आणि वागणे बदललेले दिसावे लागते, दिलासा त्यानंतर. अशा प्रसंगी “तुला संशयाचं वेड लागलं आहे” असे म्हणणे ही दुसरी फसवणूक होय.

आणि दिलाशाच्या नावाखाली दुसऱ्याचे जगणे आवळले जात असेल, तर त्याला दिलासा म्हणू नये. मोबाइलचा पासवर्ड सक्तीने घेणे, चोवीस तास लोकेशन चालू ठेवायला लावणे, माहेरी किंवा मैत्रिणींकडे जाण्यावर बंदी घालणे, ‘नाहीतर मी जिवाचं बरंवाईट करीन’ असे धमकावणे, हा धाक आहे. जिवाची भाषा मात्र पोकळ समजू नये. त्या माणसाला तातडीने मदत मिळवून द्यावी, पण त्यासाठी स्वतःला कोंडून घेऊ नये. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण करणाऱ्या २००५ च्या कायद्यात शाब्दिक आणि भावनिक छळाचाही समावेश आहे, आणि लग्नासारख्या नात्यात एकत्र राहणाऱ्या स्त्रियांनाही तो लागू होतो. मदतीसाठी महिलांना १८१ हा क्रमांक आहे.

भूमिका बदलतात तेव्हा

देणारा आणि मागणारा कायम तेच राहत नाहीत, हे आमच्या घरात उशिरा कळले. नवऱ्याला पुढे जनरल शिफ्ट मिळाली आणि कामानिमित्त माझा प्रवास सुरू झाला. मागच्या महिन्यात निघताना आमचे थोडे वाजले होते, त्यात मी अमरावतीला पोहोचल्याचे कळवायला विसरले आणि बैठकीत फोन सायलेंटवर राहिला. बाहेर येऊन पाहते तर त्याचे तीन मिस्ड कॉल होते आणि खाली एकच मेसेज : ‘राग आहे का अजून? एवढंच सांग.’

मी लिहिले, ‘नाही. पोहोचले. रात्री आठच्या बसने निघते, दूध तेवढं घेऊन ठेव.’